शिनेमातला आप्पा आणि माझी गाठ

परतूरहून डिशचा डबा दुरुस्त करून आणला तो मीच, आणि जोडला बी मीच. हे आधी सांगून ठेवतो, कारण पुढं जे झालं त्याचा बोल दुसऱ्या कुणाला लावता येत न्हाई. तार खुपसली, टीव्ही लागला, दुपारची जुनी चित्रं दाखवणारी ती वाहिनी लागली. माझी बायको चंद्रा भिंतीला टेकून तुरीच्या शेंगा सोलीत बसल्ती, ती दारात यायच्या आधीच मी डबा घेऊन आत घुसलो होतो. मी पाणी मागायला तोंड उघडलं तर तिनं माझ्याकडं न बघताच हात वर केला.

"थांबा जरा. आप्पा आला."

मंग मी बी बसलो. दुसरं काय करणार. पडद्यावर एक म्हातारा जेलर आला, त्यानं कुलूप उघडलं, हिरोच्या खांद्यावर हात ठेवून दोन वाक्यं बोलला आणि गेला. चंद्राच्या डोईवरचा पदर खांद्यावर उतरला होता. म्हणाली, "किल्ली बघितली का कशी धरली? जशी काय जन्मभर त्याच्याच कमरेला होती." मी म्हणालो, "मला तहान लागलीय." ती हसली, उठली, तांब्या भरून दिला. तिच्या पदराच्या टोकाला गाठ तशीच होती. ती सोडायची राहून गेली. ना तिच्या ध्यानात आलं, ना माझ्या. आम्ही दोघांनी मिळून केलेलं शेवटचं रोजचं काम हे. एका तिसऱ्याच माणसाला बघत बसलो.

दुसऱ्या दिवशी सकाळी आमचा पोरगा संतोष जालन्याहून गाडी घेऊन आला. काही दिवस तिला चालताना दम लागत होता, ते डॉक्टरला दाखवायचं होतं. तिनं रोजचं लुगडं दांडीवर टाकलं, चांगलं नेसली आणि गाडीत बसली. म्हशीमुळं मी घरी राहिलो. खिडकीतून म्हणाली, "पेंड भिजवून ठेवलीय, विसरू नका. उद्या येतेच मी." मी अंगणात उभा होतो, हातात म्हशीचं दावं. गाडी मारुतीच्या पाराला वळली. आणि ती परत आली ती अशी आली, की दारात सगळी आष्टी गोळा झाली.

आता गाठीचं सांगतो, न्हाई तर तुम्हाला कळायचं न्हाई.

चंद्रा टेंभुर्णीची. जाफराबादकडची. लग्न होऊन आष्टीला आली तवा एक येडेपणा संगं घेऊन आली. मी गावाबाहेर निघालो, परतूर म्हणा, जालना म्हणा, की ती मागोमाग दारात यायची. मी वळणाला लागलो की वाकून माझ्या पावलाच्या ठशातली चिमूटभर माती उचलायची आणि पदराच्या टोकाला बांधून टाकायची. दिवसभर ती गाठ घेऊन कामं करायची. मी परत आलो की दारातच गाठ सोडायची, पदर दोनदा झटकायची आणि मंग पाण्याचा तांब्या. कधी चुकलं न्हाई. माझी माय सुरुवातीला लय बोलायची, "टेंभुर्णीची थेरं टेंभुर्णीला ठेवून यायची. लुगडी मळवून राह्यली नुसती." चंद्रा ऐकून घ्यायची आणि मी निघालो की पुन्हा वाकायची. तिला विचारलं हे कशाला, तर म्हणायची, "तुम्ही या म्हणजे झालं."

मला ते आवडायचं. कुणाला सांगितलं न्हाई कधी. एसटीत बसलो की वाटायचं, आपली माती घरी कुणाच्यातरी पदरात हाय.

आणि आता आप्पा.

आप्पा तिच्याच गल्लीतला. नात्याचा न्हाई, पण गल्लीतल्या सगळ्याच माणसांना लेकी काका न्हाई तर आप्पा म्हणतात, तसा आप्पा. चंद्राच्या जन्माच्या कितीतरी आधी तो घरातून मुंबईला पळून गेल्ता. तवा निजामाचं राज्य, शाळा उर्दूतली. त्या उर्दूवर त्याचं पुढं सगळं पोट चाललं. हे सगळं मला चंद्रानं सांगितलेलं हाय, जेवताना, खुरपताना, एसटीत, मी विचारलेलं नसताना. मुंबईत आधी तो पडदे आणि खुर्च्या उचलायच्या कामाला होता. चित्रं तवा मुकी होती. मंग ती बोलायला लागली आणि चांगल्या चांगल्या देखण्या माणसांची जीभ अडखळायला लागली. आप्पाची न्हाई अडखळली. एकदा कुणी हकीमाचं काम करणारा आला न्हाई, तर खुर्ची घेऊन आलेल्या ह्यालाच त्या खुर्चीत बसवला. तिथून पुढं तो उठलाच न्हाई.

हिरो मातर कधी झाला न्हाई. मुनीम, हकीम, जेलर, स्टेशनमास्तर, कोतवाल, कोर्टातला कारकून. हिरोईनीचा बाप झाला तर पहिल्या अर्ध्या तासात मरायचा. तो मेला की चंद्रा रडायची. माझा पाय मोडला होता बैलगाडीखाली, तवा एवढी रडली नव्हती. मी म्हणायचो, "अगं, मागच्या रविवारीच मेला ना हा?" तर म्हणायची, "तवा वेगळा मेला." नावांच्या पाटीत त्याचं नाव कधी यायचं, कधी यायचं न्हाई. आलं तर शेवटी, बारीक अक्षरात, आणि पाटी वाचून होईपर्यंत गेलेली असायची. चंद्राला वाचता येत नव्हतं. तरी ती त्या पाटीकडं टक लावून बसायची.

केस पिकले तवा त्याला जरा बरी कामं मिळाली म्हणे, कारण रंग लावायचा खर्चा वाचायचा. मंग रंगीत चित्रं आली, नवे लोक आले, नव्या लोकांनी आपापले म्हातारे आणले. आप्पा मागं पडला. मुंबईतच कुठल्या खोलीत गेला. त्याच्या मागं कोण होतं, कुणी अग्नी दिला, टेंभुर्णीला काही खबर न्हाई.

हे सगळं ऐकून मी जळायचो. आता लपवून काय करू. तुम्ही म्हणाल, म्हातारा येडा हाय, पडद्यावरच्या मुनीमावर जळतो. पण तुम्ही तिचं तोंड बघितलं असतं तर कळलं असतं. आमच्या घरात तिच्या डोईवरचा पदर कधी हलला न्हाई. माय गेली, बाप गेला, घरात दोघंच उरलो, तरी न्हाई. आणि तो दोन मिनिटांसाठी दिसला की पदर खांद्यावर, पाय पसरून बसायची, पोरीसारखी. माहेरच्या माणसापुढं पदर लागत न्हाई, हे मला बी ठाऊक हाय. पण मंग मी कोण होतो? एका दिवाळीला मी काळा कोट शिवला, मिशा खाली वळवल्या आणि तिच्यापुढं उभा राहिलो. म्हणाली, "अगदी मुनीम दिसता." दिवसभर मी खुश होतो. संध्याकाळी ध्यानात आलं, आपण कुणासारखे दिसलो ते. तो कोट मी पुन्हा घातला न्हाई.

ती गेल्यावर संतोषनं म्हैस विकली, घराला कुलूप लावलं आणि मला जालन्याला आणलं. निघताना शेजारपाजारचे दारात आल्ते. सगळे माझ्या पिशव्यांकडं बघून राह्यले होते. माझा बाप म्हणायचा, "शहरात जायचं तर जा, पण मंग आपल्याच ओसरीवर पाहुण्यासारखा बसशील." तरुणपणी त्याच वाक्यानं मी गेलो न्हाई. म्हातारपणी गेलो, तवा अडवायला तो नव्हता. निघायच्या आधी मी एकटाच आत गेलो. दांडीवर तिचं रोजचं लुगडं तसंच होतं. घ्यायला हात घातला तर टोकाला गाठ लागली. परतूरची. मी डबा घेऊन आलो होतो त्या दिवसाची. मी लुगडं घडी न करताच पिशवीत कोंबलं.

आष्टीतून गेलेल्या लोकांचा फोनवर एक गट हाय. कुणी पुण्याला, कुणी हैदराबादला, कुणी पार दुबईला. त्यात सगळे आठवणी लिहितात आणि गावात राहिलेले वाचतात. आमची सून मनीषा म्हणाली, "आबा, तुम्ही पण लिहा." माझं शिक्षण चौथी. पण बाकीच्यांचं वाचलं तर सगळ्यांनी हुरडा आणि नदी लिहिलेली. मला दुसरंच काही सांगायचं होतं, म्हणून लिहितो.

जालन्यातलं घर तिसऱ्या मजल्यावर हाय. लिफ्ट हाय, पण तिच्यात मी एकटा जात न्हाई. पाणी भिंतीवरच्या यंत्रातून येतं, दूध पिशवीतून, भाजी कधी कधी फोनमधून. खाली पार्किंगला फरशीचे ठोकळे. घरात टाइल. संतोष पहाटेच कारखान्यात जातो, मनीषा दहाला ऑफिसात. दोघं निघाले की दाराला आपोआप कुलूप बसतं, खट करून. मी पहिल्या दिवशी त्यांच्या मागं दारात जाऊन उभा राहिलो आणि खाली बघितलं. नुसती चकचकीत फरशी. आपण कुणाच्या घरातून जातो त्याची काही खूणच राहत न्हाई इथं. पोछा मारणारी बाई तर आपण असलेलं बी पुसून जाते. तिचा काही दोष न्हाई, ती जल्दी जल्दी काम उरकते, तिला पुढं चार घरं.

एका रविवारी कपडे धुवायच्या मशीनचा आवाज आला म्हणून मी उठून गेलो, तर मनीषा माझी पिशवी रिकामी करून राह्यली होती. लुगडं तिच्या हातात. अर्धं मशीनच्या तोंडात गेलं होतं.

"सोड ते," मी म्हणालो.

"आबा, वास येतोय त्याला. धुऊन तुमच्याजवळच ठेवते ना."

"सोड म्हणतो ना."

मी ओढलं. ती घाबरली. एवढ्या वर्षांत मी तिच्यावर आवाज चढवला नव्हता. मंग मला सांगावं लागलं. गाठ दाखवली, माती सांगितली, डबा सांगितला, आप्पा सांगितला. ती मशीनला टेकून ऐकत राहिली. शेवटी म्हणाली, "म्हणजे आईंनी गाठ सोडली नाही, म्हणजे तुम्ही अजून परतूरहून आलेलेच नाही."

हे मी कुणाला बोललो नव्हतो. पण असंच होतं. तीच गोष्ट मला रोज सकाळी उठल्या उठल्या आठवायची. तिच्या हिशेबात मी अजून बाहेर होतो. आणि का, तर तो जेलर किल्ली धरून आला म्हणून. माझी शेवटची गाठ त्यानं अडवली.

मनीषा ऑफिसातली बाई हाय, गप्प बसणारी न्हाई. तिनं मला विचारून विचारून घेतलं, आप्पाचं कुठलं चित्र आई सारखं म्हणायच्या. एक होतं. चंद्रानं लहानपणी टेंभुर्णीच्या जत्रेत तंबूतल्या शिनेमात बघितलेलं. त्यात आप्पा शेवटपर्यंत जिवंत राहतो म्हणायची. जन्मभर ती ते टीव्हीवर यायची वाट बघत होती, आलं न्हाई. पुढच्या रविवारी दुपारी मनीषानं फोनात ते शोधून काढलं आणि टीव्हीला जोडलं. संतोष घोरत होता. आम्ही दोघं बसलो.

चित्र खराब झालेलं, पाऊस पडल्यासारख्या रेघा. आप्पा एका मोठ्या घरातला गडी. कोट न्हाई, किल्ली न्हाई, धोतर आणि खांद्यावर उपरणं. मी मनात म्हणालो, बघू तरी काय असं होतं ह्याच्यात. खरं सांगतो, काही नव्हतं. नाक मोठं, पाठीत वाकलेला. पण तो खोलीत आला की दुसऱ्याकडं बघवत नव्हतं. पाण्याचा पेला ठेवला तरी कोण पिणार हाय ते कळायचं. मला राग आला. वाईट असता तर बरं झालं असतं.

मंग घरातला तरुण मालक विलायतेला निघाला. सगळे टांग्यापर्यंत गेले, रडले, परत फिरले. आप्पा एकटा मागं राहिला. वाकला, एक हात गुडघ्यावर ठेवून, सावकाश. बुटाच्या ठशातली चिमूटभर माती उचलली. उपरण्याच्या टोकात ठेवली. गाठ मारली.

मनीषानं चित्र थांबवलं. "आबा..." म्हणाली.

माझं एवढं एकच होतं. जमीन भावांत वाटली गेली, घर बापाचं, पोरगा सुनेचा. ती गाठ तेवढी माझी होती. आणि ती बी त्याची निघाली. पोरगी तंबूत बसून बघत होती आणि शिकली. मंग जन्मभर मी परतूरला निघालो की माझ्या दारात ती आप्पाचं काम करायची. मी तिच्या खेळात कोण, तर बुटाचा ठसा.

मी उठलो, लुगडं आणलं आणि मनीषाच्या मांडीवर टाकलं. "घे. टाक मशीनमध्ये."

तिनं टाकलं न्हाई. घडी घातली, गाठ वर ठेवून, आणि पिशवीत भरलं. "आधी टेंभुर्णीला जाऊन या," म्हणाली. "मोठ्या वहिनी आहेत ना अजून? मग टाकते मी."

कौसावहिनी म्हणजे चंद्राच्या थोरल्या भावाची बायको. माहेरच्या पिढीतली तेवढीच उरली. एका डोळ्यानं दिसत न्हाई, दुसऱ्यानं जरुरीपेक्षा जास्त दिसतं. मी गेलो तवा अंगणात बाजेवर बसल्ती.

"कोण, दाजी का? या. बाई गेल्यावर सासुरवाडी आठवली म्हणायची."

"बाई होती तवा तुम्ही तरी कुठं बोलावलं?"

"बोलावलं असतं तर म्हशीचं कारण काढलं असतं तुम्ही. बसा. बाजेचा तिकडचा पाय कच्चा हाय, इकडं बसा."

चहा झाला. मी पिशवी पुढं ठेवली आणि सगळं सांगितलं. बुटाचा ठसा बी सांगितला. तिनं बराबर शेवटपर्यंत ऐकून घेतलं आणि मंग हसायला लागली ती खोकला लागेपर्यंत.

"दाजी, तुम्ही मेलेल्या माणसावर जळू राह्यले. तो बी शिनेमातला. तो बी म्हातारा."

"जळत न्हाई. विचारू राह्यलो."

"इचारायला कुणी एवढं एसटीत हाडं खिळखिळी करून येतं व्हय? जळायलाच आले तुम्ही." मंग तिनं डोळे पुसले. "अहो, ते आप्पाचं न्हाईच. ते आमच्या गल्लीतल्या बायांचं. मी नवरी होऊन आले तवा सासूनं पयल्याच आठवड्यात शिकवलं मला. माय पोरासाठी करती आणि बायको नवऱ्यासाठी. दुसऱ्या कुणासाठी न्हाई. लेकींनी नुसतं बघायचं. बापासाठी न्हाई, भावासाठी न्हाई. आपल्या घरी जायचं आणि आपला माणूस निघाला की वाकायचं. चंद्रा इथं असताना कुणासाठी वाकली न्हाई. वाकली असती तर सासूनं पाठीत धपाटा घातला असता."

चहाचा कप रिकामा होता तरी तोंडाला लावला.

"तंबूत ते चित्र आलं तवा मी नवीच होते," वहिनी म्हणाली. "आप्पा वाकला आणि सगळ्या बाया हसल्या. बाप्या माणूस बायांचं काम करून राह्यला म्हणून. गडी माणसं तर शिट्ट्या मारू लागली. मंग कुणाचंतरी ध्यान गेलं. आप्पाची माय आमच्यातच बसल्ती. तो बाजाराला जातो म्हणून घरातून गेल्ता ना, तवाची गाठ तिनं पेटीत ठेवली होती. ते लुगडं पुन्हा नेसली न्हाई. पडद्यावर पोरगा माती बांधून राह्यला आणि इकडं हिच्या पेटीत त्याचीच माती. एकदम सगळे गप झाले. शिनेमाच्या मशीनचा तेवढा आवाज."

"मंग आला का तो?"

"आला. पण माय मेल्यावर. पांढरा कोट, पायात बूट. लोक जमले, आता शिनेमातल्यासारखा रडल म्हणून. न्हाई रडला. सासूनं पेटीतलं लुगडं आणून त्याच्या पुढं ठेवलं. बांधणारी गेली तर ज्याची माती त्यानं सोडायची, असं हाय आमच्यात. ते बी ज्या दारातून गेला त्याच दारात. बसला बिचारा उंबऱ्यात, बूट काढून. गाठ एवढी जुनी, बोटानं सुटंना. दातानं सोडली. पदर झटकला आणि म्हणाला, 'आलो गं माय.' आणि तुमची चंद्रा, एवढीशी पोरगी, पार त्याच्या गुडघ्याला लागून उभी. मागं ओढली तरी हटंना. त्याच्या तोंडाकडं बघत राह्यली."

वहिनीनं थोडा दम घेतला.

"ती शिनेमातल्या जेलरला बघत नव्हती दाजी. ते बघत होती ती."

जळणं एकदम बंद झालं असं सांगितलं तर खोटं होईल. उलट आणखी एक वाढलं. चंद्राचं आणि माझं एवढं आयुष्य एका दारात गेलं, आणि हे तिनं मला कधी सांगितलं न्हाई. त्याच्या चित्रातल्या सगळ्या किल्ल्या सांगितल्या, हे न्हाई. आणि आता मला जे करायचं होतं, ते बी तो माझ्या आधी करून बसला होता. ह्या एका बाबतीत बी मला दुसरा नंबर.

मी लुगडं पिशवीत घालून उठलो. वहिनी म्हणाली, "इथं ठेवून नका जाऊ. मला बी मरायचंय, माझ्या मागं कोण बघल."

"नेतो ना."

"आणि दाजी, एक सांगते, रागावू नका. तिनं कौतिक त्याचं केलं, पण माती तुमची बांधली. बाई माणसाला दोन्ही लागतं."

बसमध्ये मी हाच विचार करत आलो. गाव सोडलेले आपण सगळे लिहितो की आपण गाव सोडलं. मी तर म्हातारपणी सोडलं, ते बी दीड तासाच्या वाटेवर, आणि केवढा गळा काढला. चंद्रानं कळत्या वयात टेंभुर्णी सोडली आणि कुठंच लिहिलं न्हाई. कुणी तिला गटात घेतलं न्हाई. तिच्या गावाचा एकच माणूस टीव्हीवर यायचा, दोन मिनिटं. आणि मी पाणी मागायचो.

तुम्ही दुबईवाले, पुण्यावाले, विचारता ना मला, आबा आता तुमचं घर कुठलं, आष्टी का जालना. कुलूप जिथं लावलंय ते घर, असं मी म्हणायचो. आता तसं म्हणत न्हाई. आपण गेल्यावर जिथं कुणाचातरी पदर अडकून राहतो ते घर. मंग तिथं माती असो का टाइल असो.

रात्री मी मनीषाला एवढंच सांगितलं, "मशीन नको." तिनं मान हलवली.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी लवकर अंघोळ केली आणि पिशवी घेतली. मनीषा डबा भरून राह्यली होती. दारापर्यंत आली.

"आबा, परत कधी?"

"संध्याकाळी."

"मग मी जेवायला थांबते," म्हणाली. लिफ्ट आली तरी ती दारातच होती. मी जिन्यानं गेलो.

आष्टीला उतरलो, पाराला वळलो. अंगणात गवत गुडघ्याएवढं. कुलूप काढलं, दार ढकललं, पण आत गेलो न्हाई. चपला काढून उंबऱ्यात बसलो आणि लुगडं मांडीवर घेतलं. गाठ बोटानं सुटंना. माझे दात तर कवाच गेले. शेवटी तिथंच पडलेल्या बाभळीच्या काट्यानं ती उकरून उकरून सोडली. आत चहाच्या भुकटीएवढी माती. मी उभा राहिलो आणि पदर झटकला, ती झटकायची तसा, दोनदा. माती माझ्याच पायांवर पडली.

"आलो," मी म्हणालो. "परतूरहून."

मंग आत जाऊन माठ बघितला. कोरडा होता. हापशावर गेलो, तांब्या भरून आणला आणि माझ्या हातानं पाणी प्यालो.